मंजिनिक्कराचा पाहुणा

श्रोतेहो, नमस्कार. आज ज्यांच्याविषयी बोलणार आहे त्यांचा जन्म तुर्कस्तानातल्या मार्दिनचा आणि समाधी आपल्या केरळातली. नाव मोर इग्नातियोस एलियास तिसरे. सीरियाक ऑर्थोडॉक्स या ख्रिस्ती पंथाचे पॅट्रिआर्क, म्हणजे साऱ्या पंथाचे धर्मप्रमुख. नाव लांबलचक आहे, तेव्हा आपण त्यांना एलियास म्हणू.

जन्म 1867 चा. तरुणपणीच संन्यास घेतला. मार्दिनजवळ पिवळ्या दगडाचा एक प्राचीन मठ आहे, जाफरान मठ. जाफरान म्हणजे आपलं केशर, हे काही मी सांगायला नको. (केशरावरून आठवलं, हल्ली डबीतून जे काड्याकाड्या मिळतं ते दुधात टाकून तासभर वाट बघा, दूध पांढरं ते पांढरंच. असो.) 1895 साली त्या भागात आर्मेनियन आणि सीरियाक ख्रिस्ती लोकांच्या कत्तली सुरू झाल्या, तेव्हा तरुण एलियास निर्वासितांच्या मदतीला धावले. चर्चच्या नोंदी सांगतात की सुमारे 7,000 आर्मेनियन निर्वासितांना मठात आसरा मिळाला. श्रोतेहो, मठ एका पंथाचा आणि आत घेतलेली माणसं दुसऱ्या पंथाची, हे लक्षात ठेवा. एवढ्या माणसांना पाणी, भाकरी आणि झोपायला जागा! आपल्याकडे लग्नाला दोनशे पाहुणे आले तरी यजमानाचा जीव मेटाकुटीला येतो.

1908 साली ते बिशप झाले आणि 1917 साली पॅट्रिआर्क. मधे 1915 चं वर्ष येतं. त्या वर्षीच्या संहाराला हे लोक सैफो म्हणतात. गावंच्या गावं ओसाड झाली. म्हणजे गादी मिळाली ती उजाड झालेल्या समाजाची. उरलेल्यांना धीर देत ते गावोगाव फिरले, इस्तंबूलला जाऊन आले, जेरुसलेमला आणि मोसूलला राहिले. यावर पुष्कळ बोलता येईल, पण मला सांगायचीय ती गोष्ट पुढची.

केरळात या पंथाचे लोक शेकडो वर्षांपासून आहेत. आपल्याकडेही ख्रिस्ती धर्म तसा जुनाच बरं का. सहाव्या शतकात कॉस्मस नावाच्या ग्रीक प्रवाशानं ‘कल्लियाना’ बंदरात इराणहून नेमलेला बिशप असल्याचं लिहून ठेवलंय, आणि हे कल्लियाना म्हणजे आपलं कल्याणच, असं बरेच अभ्यासक मानतात. तर केरळातल्या या समाजात विसाव्या शतकाच्या सुरुवातीला फूट पडली. अधिकार कुणाचा, पॅट्रिआर्कचा की इथल्या मंडळींचा? त्यात ईस्ट इंडिया कंपनीकडे 1808 साली ठेवलेल्या 3,000 सोन्याच्या नाण्यांचं व्याज कुणी उचलायचं, यावर कोर्टकचेरी. सख्खे शेजारी एकमेकांशी बोलेनात. भाऊबंदकी म्हणजे काय ते आपल्याला शिकवायला नको. माझं तर मत असं, की वकिलाकडे जाण्याआधी दोन्ही घरच्या म्हाताऱ्यांना एका पंगतीला बसवावं. निम्मे दावे तिथेच मिटतील.

मग व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांनी एलियास यांना बोलावणं धाडलं: तुम्ही या, समेट करा. वय चौसष्टच्या आसपास, हृदय दुबळं. डॉक्टर म्हणाले, प्रवास झेपायचा नाही. एलियास ऐकेनात. मरण इथे काय नि तिथे काय, चुकणार आहे थोडंच, मग लेकरांपायीच का येऊ नये, अशा अर्थाचं ते बोलले, असं केरळात आजही सांगतात.

1931 च्या फेब्रुवारीत मोसूल सोडलं. बसऱ्याहून बोटीनं मार्चमध्ये कराची. तिथून दिल्ली, व्हाइसरॉयची भेट. मग मद्रास, आणि शेवटी केरळ. ना मल्याळम येत होतं, ना तिथली हवा सोसत होती. जवळजवळ वर्षभर बैठका, प्रार्थना, मनधरणी, पुन्हा बैठका. एक बाजू वळली की दुसरी अडे.

अशात पथनमथिट्टाजवळच्या एका लहानशा गावाहून आमंत्रण आलं. गावाचं नाव मंजिनिक्करा. पुन्हा सांगतो, मंजिनिक्करा. 11 फेब्रुवारी 1932 ला ते तिथे पोचले. जागा पाहून म्हणे खूश झाले, इथे बरं वाटतंय, इथेच राहावंसं वाटतं, म्हणाले. दमलेला पाहुणा असं बोलतोच, कुणी मनावर घेतलं नसेल. 13 तारखेला, शनिवारी, जेवणं झाल्यावर डोकं दुखतंय म्हणाले आणि थोड्याच वेळात गेले. अकरा तारखेला आले, तेराला गेले! दफन तिथल्याच चर्चच्या आवारात झालं.

समेट? नाही झाला. तो वाद पुढे सुप्रीम कोर्टापर्यंत गेला, 2017 साली मोठा निकाल लागला, तरी चर्चच्या दारात पोलीस उभे करावे लागतात.

आणि तरीही दर फेब्रुवारीला केरळाच्या कानाकोपऱ्यातून लोक पायी निघतात. उत्तरेच्या वायनाडहून निघालेल्यांना तर कित्येक दिवस चालावं लागतं. भर उन्हात, भजनं म्हणत, रस्त्याच्या कडेनं रांगा. वाटेवरची गावं पाणी देतात, जेवू घालतात. तुम्हाला आपली वारी आठवली असेल, मलाही आठवते. फरक इतकाच, की इथे ज्याच्या भेटीला जायचं तो या मातीतला नव्हता आणि गावात पुरते तीन दिवसही राहिला नव्हता. 1987 साली पंथानं त्यांचं नाव भारतातल्या प्रार्थनेत संतांबरोबर घ्यायला परवानगी दिली. लोक त्याच्या कितीतरी आधीपासून चालत होते.

कुणाला जायचं असेल तर चेंगन्नूर स्टेशनला उतरा, तिथून पथनमथिट्टाकडे बस मिळते. 13 फेब्रुवारीच्या सुमारास जाणार असाल तर राहण्याची सोय आधीच करून ठेवा. नमस्कार.