पडतानाही अदब राखणारा नट

श्रोतेहो, नमस्कार. आज ज्या नटाबद्दल बोलणार आहे, त्याची खरी करामत रेडिओवर ऐकवता येत नाही. तो बरेचदा न बोलताच हसवायचा. तेव्हा माझ्या शब्दांवरून चित्र तुम्हीच उभं करा.

योस्ता एकमन. जन्म स्टॉकहोमचा, २८ जुलै १९३९. त्याचे आजोबा म्हणजे स्वीडिश रंगभूमीवरचं बडं प्रस्थ. मूर्नाऊच्या १९२६ सालच्या ‘फाउस्ट’ या जर्मन मूकपटातला फाउस्ट त्यांनीच रंगवला. १९३८ च्या जानेवारीत ते वारले, दीड वर्षानं नातू जन्मला आणि त्याला आजोबांचंच नाव मिळालं. वडील हॅसे एकमन हेही नामवंत दिग्दर्शक आणि नट. गवयाच्या घरातल्या पोराला लोक पहिल्या सुरापासून आजोबांशी ताडून पाहतात, हे आपल्याला कुणी समजावून सांगायला नको.

या नातवाला स्वतःची वाट सापडली ती फजितीत. हॅन्स आल्फ्रेडसन आणि टागे डॅनियलसन या जोडीच्या चित्रपटांत तो रमला. १९७८ साली त्यांनी पिकासोच्या आयुष्यावर धमाल सिनेमा काढला. त्यात पात्रं मोडक्यातोडक्या परक्या भाषांत बडबडतात, गोष्ट निवेदक पुढे नेतो, आणि पिकासो झालेला एकमन बोलतो ते चेहऱ्यानं.

पण मला सगळ्यात जवळचा वाटतो तो त्याचा टेलिव्हिजनवरचा पप्पहामर, १९८० सालचा. हा एक सभ्य, व्यवस्थित गृहस्थ. साधंसंच काम, तेही नीट करायची त्याची धडपड, आणि नेमकं तिथंच सगळं विस्कटतं. माणूस पडला की आपण हसतोच, पण एकमन आपल्याला पडण्यानंतरचा क्षण दाखवतो. चटकन आजूबाजूला बघणं, कुणी पाहिलं तर नाही ना, आणि जणू काहीच झालं नाही असं सावरणं. त्या सावरण्यात इतकी माणुसकी आहे, की हसता हसता त्या बापड्याला हात द्यावासा वाटतो.

१९८१ पासून तो यॉन्सन टोळीचा म्होरक्या सिक्कान झाला. ही मूळ कल्पना डेन्मार्कची. सेकंदाबरहुकूम आखलेली चोरी, आणि ऐनवेळी साथीदारांच्या गोंधळानं सगळं मुसळ केरात! एकमननं असे पाच चित्रपट केले, शेवटचा १९८९ चा. घरोघरी त्याला ओळखत ते यामुळेच.

मग १९९३-९४ मध्ये त्यानं सहा चित्रपटांत मार्टिन बेक हा पोलीस अधिकारी केला. चोरांचा म्होरक्या आता चोरांच्या मागावर! गंभीर, थकलेला, कमी बोलणारा माणूस. हसवण्यासाठी कमावलेला तो संयम इथंही त्याच्या कामी आला, असं मला मनापासून वाटतं.

१ एप्रिल २०१७ रोजी, ७७ व्या वर्षी तो गेला. तो हयात असतानाच, त्यानं टोळी सोडल्यावर, यॉन्सन टोळीचं म्होरकेपण एका चित्रपटापुरतं पेटर हाबर या नटाकडे आलं, आणि पुढे मार्टिन बेकही त्याच्याचकडे. पप्पहामर म्हटलं की मात्र मला एकमनचाच चेहरा दिसतो. कधी मिळाला तर जरूर बघा. स्वीडिश यायची गरज नाही.

नमस्कार.