जुनी मशीद, शनवार तेली आणि पावशेर मनुका

(दृश्य: मस्जिद स्थानकाचा पूल. डोक्यावर गोण्या घेतलेले हमाल, खाली हातगाड्यांची रांग.)

मस्जिद बंदरला उतरणाऱ्या माणसाला बहुधा माल घ्यायचा असतो, नाहीतर पोचवायचा असतो. फिरायला इथे कोणी येत नाही. फास्ट लोकलही थांबत नाही. आम्ही मात्र शुक्रवारी दुपारी, कडक उन्हात, फक्त फिरायला आलो आहोत. पाच जण आणि वाट दाखवणाऱ्या ताई. ताई ठाण्याच्या, बेने इस्रायली म्हणजे मराठी ज्यू, साठी ओलांडलेल्या. पायांत चामड्याच्या चपला, खांद्याला कापडी पिशवी. पहिलीच ताकीद मिळते : "सूर्य मावळायच्या आत मला घरी पोचायचंय. रेंगाळायचं नाही."

पुलावरच त्या विचारतात, "या स्टेशनला हे नाव कशावरून पडलं?"

आम्ही म्हणतो, जवळ मशीद असेल.

"मशीद आहेच," ताई म्हणतात, "पण आमची."

बेने इस्रायल समाजात सिनेगॉगला, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाला, पूर्वापार मशीद म्हणत आले. कोकणातून मुंबईला आलेल्या या माणसांची भाषा मराठी. एकाच देवाची प्रार्थना करायची जागा, आत मूर्ती नाही, मग दुसरं काय म्हणणार? सॅम्युअल स्ट्रीटवरच्या सिनेगॉगचं बोलीतलं नाव 'जुनी मशीद' आणि तिच्यावरूनच स्टेशनचं नाव पडलं, असं समाजातली मंडळी ठामपणे सांगतात. आसपास मुसलमानांच्या मशिदीही आहेत, त्यामुळे वाद घालायचा तर घालता येईल. मला या गोष्टीतला गमतीचा भाग वेगळाच वाटतो. पुण्याच्या कॅम्पात डेव्हिड ससून यांनी उभं केलेलं लाल विटांचं, उंच मनोऱ्याचं सिनेगॉग आहे. त्याला पुणेकर काय म्हणतात? लाल देऊळ. एकाच धर्माची दोन प्रार्थनास्थळं, मुंबईत मशीद आणि पुण्यात देऊळ.

(दृश्य: सॅम्युअल स्ट्रीट. सुक्या मेव्याची दुकानं, खजुराची खोकी.)

हा मांडवीचा भाग. मांडवी म्हणजे जकातीचं ठाणं. बंदरात उतरलेला माल इथून पुढे जायचा. आजही रस्त्याच्या मधोमध चालायची सोय नाही. मागून "बाजू, बाजू" असा आवाज आला की मागे वळून बघायचं नाही, सरळ दुकानाच्या पायरीवर चढायचं. ताई हे सहज करतात. आम्ही दोनदा हातगाडीखाली येता येता वाचतो.

एका दुकानापाशी त्या थांबतात. काळ्या मनुका मुठीत घेतात, एक दाताखाली धरतात, भाव विचारतात. "येताना घेते," म्हणून पुढे निघतात.

शुक्रवारी संध्याकाळी सब्बाथ, म्हणजे ज्यूंचा विसाव्याचा दिवस, सुरू होतो. त्या वेळी आशीर्वाद म्हणायचा आणि वाइन किंवा द्राक्षाचा रस प्यायचा. पण कोकणातल्या खेड्यात वाइन कुठून आणणार? बेने इस्रायली बायकांनी उपाय काढला तो मनुकांचा. काळ्या मनुका धुऊन पाण्यात भिजत घालायच्या, फुगल्या की हाताने कुस्करायच्या, मग पातळ फडक्यातून पिळून घ्यायच्या. जांभळट तपकिरी, गोड, किंचित तुरट. याला म्हणतात शरबत. ताई सांगतात, "फडकं पिळताना जोर लागतो. मिक्सर लावला की बिया भरडतात आणि कडू होतं."

(दृश्य: सिनेगॉगचं दार. बाहेर बंदोबस्ताचे पोलीस.)

दोन्ही बाजूंनी गोदामं आणि मधे ही इमारत. शोधत आलात तरच दिसेल. दाराशी ओळखपत्रं तपासली जातात. २००८ च्या हल्ल्यात नरिमन हाऊस लक्ष्य झालं, तेव्हापासून मुंबईतल्या सगळ्याच ज्यू स्थळांवर पहारा आहे. त्याबद्दल ताई फार बोलत नाहीत. चौकटीच्या उजव्या बाजूला तिरकी बसवलेली एक छोटी नळी आहे, मेझुझा. आत चर्मपत्राच्या तुकड्यावर प्रार्थना लिहिलेली असते. ताई तिला बोटं लावतात, बोटं ओठांना लावतात आणि आत जातात. आम्ही पुरुष डोक्याला रुमाल बांधतो.

आत शिरल्यावर आधी जाणवते ती शांतता. दहा पावलांवर बाजार आहे यावर विश्वास बसत नाही. मधोमध कठडा घातलेला लाकडी चौथरा, तिथून प्रार्थना म्हणतात. वर बायकांचा सज्जा. समोर पश्चिमेच्या भिंतीत पडद्यामागे कपाट, हेखाल. त्यात तोराच्या, म्हणजे ज्यूंच्या धर्मग्रंथाच्या, हस्तलिखित गुंडाळ्या. पश्चिमेलाच का? जेरुसलेम मुंबईच्या पश्चिमेला आहे म्हणून. युरोपातले ज्यू पूर्वेकडे तोंड करतात, आपल्याकडे उलटं.

एका बाजूला एक खुर्ची आहे, तिच्यावर कोणी बसत नाही. ती एलियाहू हन्नबीची, म्हणजे प्रेषित एलियाची. मुलगा आठ दिवसांचा झाला की सुंता करण्याआधी त्याला क्षणभर या खुर्चीवर ठेवतात.

हे सिनेगॉग १७९६ चं. हिब्रू नाव शआर हारहामीम, म्हणजे दयेचं दार. आत्ता आपण उभे आहोत ती इमारत १८६० ची. मूळ सिनेगॉग बांधणारे होते सॅम्युअल इझीकेल दिवेकर, लोकांच्या तोंडी सामाजी हसाजी दिवेकर. नावाचे हे दोन अवतारच बघा. सॅम्युअलचा सामाजी आणि वर दिवेकर. कंपनी सरकारच्या फौजेत ते देशी अधिकारी होते. म्हैसूरच्या दुसऱ्या लढाईत टिपूच्या कैदेत सापडले. पुढची गोष्ट घराघरात सांगतात : कैद्यांना मारायचं ठरलं, तेव्हा हे बेने इस्रायल असल्याचं टिपूच्या आईच्या कानावर गेलं. कुराणात ज्यांचा उल्लेख आहे ती माणसं मारू नकोस, असं ती मुलाला म्हणाली आणि सामाजी वाचले. कैदेत त्यांनी नवस बोलला होता, तो सिनेगॉगच्या रूपाने फेडला. आईची गोष्ट कागदावर कितपत टिकेल ते इतिहासकार बघून घेतील. नवस बोलणं आणि तो फेडणं मात्र अस्सल इथलं आहे. सामाजी १७९७ साली कोचीनला वारले.

(दृश्य: समुद्र. नवगावचा किनारा, नारळाची झाडं.)

आता थोडं मागे जाऊ. अलिबागजवळच्या नवगावच्या किनाऱ्यावर फार पूर्वी एक गलबत फुटलं. सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या. ही समाजाची मूळकथा. बुडालेल्यांना पुरलं ती जागा नवगावला अजून दाखवतात. वाचलेल्यांचे ग्रंथ समुद्रात गेले. पाठ राहिली ती 'शेमा इस्रायल' ही प्रार्थना, सुंता, शनिवारचा विसावा आणि खाण्यातले काही नेम.

गावोगावी त्यांनी तेलाचा घाणा धरला. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावाने नाव ठेवलं शनवार तेली. ज्या गावात राहिले त्या गावाचं आडनाव झालं : पेणकर, रोहेकर, किहीमकर, झिराडकर, नवगावकर, अष्टमकर. रायगड जिल्ह्याचा नकाशा आणि या समाजाची हजेरी एकमेकांशेजारी ठेवली तर पुष्कळ गावं जुळतील. सिनेमातले डेव्हिड आठवतात? गोल चेहऱ्याचे, टक्कल असलेले? त्यांचं आडनाव चेऊलकर. चौलचे.

ताईंची आवडती गोष्ट माशांची. डेव्हिड राहाबी नावाचा परदेशी ज्यू कोकणात आला. हे लोक आपले की काय, असा त्याला संशय आला. त्याने बायकांपुढे निरनिराळ्या माशांचा ढीग ठेवला आणि रांधायला सांगितलं. त्यांनी खवले आणि पंख असलेले मासे घेतले, बाकीचे बाजूला सारले. हे आमच्यात चालत नाहीत, म्हणाल्या. राहाबीला उत्तर मिळालं. गोष्ट ऐकून आमच्यातला एक मालवणी हळहळला, "म्हणजे कोळंबी नाही? चिंबोरी पण नाही?" नाही. तिसऱ्याही नाहीत. कोकणात राहून शतकानुशतकं कोळंबी न खाणं, याला निष्ठा लागते!

मांसाबरोबर दूध-दही चालत नाही, हाही धर्माचाच नेम. पण तिथे कोकण मदतीला आलं, रश्शाला नारळाचं दूध होतंच.

सणांची नावं ऐका. खिरीचा सण. दारफाळणीचा सण : त्या दिवशी कडक उपास, पांढरे कपडे, दार लावून घरात बसायचं, बाहेरच्याशी बोलायचं नाही. जगभरचे ज्यू त्याला योम किप्पूर म्हणतात. दुसऱ्या दिवशी शिळा सण, म्हणजे दानधर्म आणि आप्तांच्या भेटी. आणि शुभकार्याला मलिदा : भिजवलेले पोहे, साखर, खवलेला नारळ, वेलची, भोवती फळं. एलियाहू हन्नबीच्या नावाने तो वाटायचा. १८७४ साली पुण्यात वल्हांडणाच्या सणाची हिब्रू-मराठी पोथी छापली गेली. तिच्यातल्या चित्रात बायका जमिनीवर बसून बिनखमिराच्या भाकऱ्या लाटताना दिसतात. ओटा नाही, टेबल नाही.

(दृश्य: टनटनपुरा स्ट्रीट, अरुंद बोळ.)

जुनी मशीद म्हटल्यावर नवी हवीच. खडक भागात, टनटनपुरा स्ट्रीटवर १८४० साली दुसरं सिनेगॉग निघालं, शआरे रासोन. काही मंडळी वेगळी झाली आणि त्यांनी आपली नवी मशीद काढली. मराठीच माणसं ती, मतभेद झाले की वेगळं मंडळ काढणारच.

या दोन वास्तूंच्या भोवती जे वसलं त्याला इस्रायल मोहल्ला म्हणत. सब्बाथला वाहनात बसायचं नाही, त्यामुळे घर सिनेगॉगपासून चालण्याच्या अंतरावर हवं. सुतार, गवंडी, पलटणीतले शिपाई, पुढच्या पिढीत रेल्वेतले आणि सरकारी कचेऱ्यांतले कारकून, सगळे या चाळींत. यांच्यातल्याच हाईम सॅम्युअल केहिमकरांनी १८७५ मध्ये मुलांसाठी शाळा काढली, तीच पुढे माझगावची सर एली कदुरी शाळा. १९३७ मध्ये मुंबईचे महापौर झालेले डॉ. ई. मोझेस हेही बेने इस्रायली. वरळीकडे जाताना त्यांच्या नावाच्या रस्त्यावरून आपण सगळे जातो.

पाहुणे सहसा भायखळ्याचं आणि फोर्टमधलं सिनेगॉग बघून परत जातात. ती बगदादी ज्यूंची, ससून घराण्याच्या पैशाने बांधलेली. देखणी आहेत, बघायलाच हवीत. पण बगदादी मंडळी अरबी बोलत आली आणि इंग्रजी बोलायला लागली. मराठी कानाला ओळखीचं वाटेल असं काही ऐकायचं तर या गल्लीतच यावं लागतं.

मोहल्ला रिकामा कसा झाला? १९४८ नंतर लोक इस्रायलला गेले. कोणी हाकललं नव्हतं. तिथे गेल्यावर मात्र बेने इस्रायलींच्या विवाहांवर तिथल्या धर्मपीठाने शंका घेतली. हे ज्यू आहेतच का, असा प्रश्न. जेरुसलेममध्ये मराठी कुटुंबं धरण्याला बसली आणि १९६४ मध्ये संसदेने त्यांचा बरोबरीचा हक्क मान्य केला. राहाबीला दिलेलं माशांचं उत्तर दुसऱ्यांदा द्यावं लागलं, यावर ताई फक्त मान हलवतात. इथे राहिले ते हळूहळू ठाण्याकडे सरकले. सामुदायिक प्रार्थनेला दहा पुरुष लागतात. या गल्लीत ते दहा आता बाहेरून येतात.

२०१६ मध्ये महाराष्ट्र सरकारने ज्यूंना अल्पसंख्याकांचा दर्जा दिला. "तोपर्यंत फॉर्मवर 'इतर'वर खूण करायचो," ताई म्हणतात.

(दृश्य: पुन्हा सॅम्युअल स्ट्रीट. उन्हं कलली आहेत.)

साडेचार वाजले. ताईंचं घड्याळाकडे बघणं वाढलंय. त्या मघाच्या दुकानात शिरतात, पावशेर काळ्या मनुका घेतात. दुकानदार पुडीत चार जास्तीच्या टाकतो. आमच्यापैकी कोणीतरी विचारतं, एवढ्यात रस निघेल का?

"दोन वाट्या निघतो. घरात दोघंच आहोत."

पुडी पिशवीत जाते. ताई पुलाकडे वळतात. हातगाडीवाला ओरडतो, "बाजू!" त्या न बघताच पायरीवर चढतात.

(दृश्य: फलाट. ठाण्याची स्लो लोकल येते.)