फ्री थ्रोच्या रेषेवर जिंकलेली फायनल: एनसी स्टेट, 1983

न्यू मेक्सिको राज्यातलं आल्बुकर्की शहर. 4 एप्रिल 1983, सोमवारची रात्र. इथल्या युनिव्हर्सिटीचं बास्केटबॉल कोर्ट जमिनीखाली आहे, 37 फूट खोल खणून बांधलेलं. बाहेरून फक्त एक बसकं छप्पर दिसतं, आणि दारातून आत गेलात की तुम्ही थेट सगळ्यात वरच्या रांगेत उभे असता, कोर्ट पार खाली तळाला. लोक त्याला 'द पिट' म्हणतात. आणि शहर समुद्रसपाटीपासून पाच हजार फुटांवर, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या शिखरापेक्षा थोडंसंच कमी. ही उंची लक्षात ठेवा, पुढे तिचं काम आहे.

आज इथे अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलची नॅशनल फायनल आहे. एका बाजूला ह्यूस्टन युनिव्हर्सिटी, देशात नंबर एक, सीझनमध्ये 31 जिंकल्या, फक्त 2 हरल्या, आणि सलग 26 मॅचेस जिंकून आलेली टीम. दुसऱ्या बाजूला नॉर्थ कॅरोलायना स्टेट, थोडक्यात एनसी स्टेट, जी या सीझनमध्ये दहा मॅचेस हरलीय. दहा!

या मॅचचा शेवटचा सीन तुम्ही कुठे ना कुठे पाहिला असेल, हवेतून येणारा बॉल, एक उडी, डंक (म्हणजे बॉल वरून थेट रिंगमध्ये कोंबणं), आणि मग कोच कोर्टभर सैरावैरा पळतोय. चाळीस वर्षं झाली, लोक त्याला चमत्कार म्हणतात. मला ते पटत नाही. डंक नशिबाचा होता, मान्य, पण त्या डंकपर्यंत टीम पोचली कशी ते बघायचं असेल तर घड्याळ एक मिनिट मागे न्यावं लागतं. खरं तर तीन आठवडे मागेच.

मार्च 1983, अटलांटा. आधी एक गोष्ट समजून घेऊ. तिकडे प्रत्येक कॉलेज एका कॉन्फरन्समध्ये असतं, त्या कॉन्फरन्सची आपली टूर्नामेंट असते, ती जिंकली की नॅशनल टूर्नामेंटचं तिकीट पक्कं. बाकीच्यांना निवड समिती बोलावते, आणि सीझन बरा गेला नसेल तर बोलावत नाही. एनसी स्टेट अटलांटात आली तेव्हा रेकॉर्ड होता 17 विजय, 10 पराभव. म्हणजे भरवसा काहीच नाही, जिंकत राहायचं, हरलात की घरी.

सीझन असा का गेला? कारण जानेवारीत व्हर्जिनियाविरुद्धच्या मॅचमध्ये डेरेक व्हिटनबर्गचं पाऊल फ्रॅक्चर झालं. व्हिटनबर्ग म्हणजे टीमचा लांबून शूट करणारा मेन माणूस, आणि सिडनी लोव हा पॉइंट गार्ड, म्हणजे बॉल पुढे नेऊन खेळ रचणारा, त्याचा शाळेपासूनचा जोडीदार, दोघं मेरीलँडमधल्या डीमॅथा हायस्कूलचे, एकमेकांकडे न बघता पास देतील असे. तो जोडीदारच बेंचवर बसला, टीम धडपडत राहिली, आणि सीझनच्या शेवटाला व्हिटनबर्ग परत आला.

कोच होते जिम व्हॅल्व्हानो, वय 37. न्यूयॉर्कचा बोलघेवडा माणूस, कॉलेजात इंग्रजी साहित्य शिकलेला. त्यांची एक पद्धत होती. तिकडे चॅम्पियन टीम शिडीवर चढून बास्केटची जाळी कात्रीनं कापते आणि आठवण म्हणून घेऊन जाते. व्हॅल्व्हानो दरवर्षी एक दिवस प्रॅक्टिसला बॉल आणायचेच नाहीत. कात्री आणायचे. पोरांनी चढायचं, जाळी कापायची, एकमेकांना खांद्यावर घ्यायचं, बस. नवीन पोरं आधी हसायची असणार, पण विचार करा, ज्या गोष्टीची तालीम केलीय ती गोष्ट मग तितकी परकी राहत नाही.

अटलांटात पहिली मॅच वेक फॉरेस्टशी, 71-70, एका पॉइंटनं वाचले. दुसरी नॉर्थ कॅरोलायनाशी, मागच्या वर्षीचे नॅशनल चॅम्पियन, टीममध्ये मायकल जॉर्डन नावाचा पोरगा, ओव्हरटाइममध्ये, म्हणजे बरोबरीनंतरच्या जादा वेळात, 91-84. फायनल व्हर्जिनियाशी, 81-78. तिकीट मिळालं.

नॅशनल टूर्नामेंटमध्ये तेव्हा 52 टीम्स असायच्या. एनसी स्टेटला वेस्ट रीजनमध्ये सहावं मानांकन. पहिली मॅच ऑरेगनमधल्या कोर्व्हालिस गावात, समोर पेपरडाइन. आणि इथेच खेळ संपत आला होता, कारण ओव्हरटाइममध्ये पेपरडाइन सहा पॉइंट्सनी पुढे, वेळ जवळजवळ उरलेला नाही.

आता ती गोष्ट सांगतो जी या अख्ख्या प्रवासाचा गाभा आहे.

आज प्रत्येक टीमला ठरावीक सेकंदात शॉट घ्यावाच लागतो, शॉट क्लॉक असतं. 1983 च्या नॅशनल टूर्नामेंटमध्ये ते नव्हतं. पुढे असलेली टीम बॉल आपसात फिरवत बसू शकायची, हवा तितका वेळ, आणि मागे असलेल्यांनी नुसतं बघायचं. बॉल परत मिळवायचा एकच भरवशाचा रस्ता, मुद्दाम फाउल करायचा. फाउल केला की समोरच्याला फ्री थ्रो, म्हणजे ठरलेल्या रेषेवरून कुणी न अडवता एका पॉइंटचा शॉट, पण एका हाफमध्ये सात फाउल झाले की नियम असा होता, पहिला थ्रो गेला तरच दुसरा मिळेल. पहिलाच चुकला तर खेळ चालूच, रिबाउंड, म्हणजे चुकून उसळलेला बॉल, ज्याच्या हाती पडेल त्याचा. म्हणजे बघा, योग्य माणसाला योग्य वेळी फाउल केला तर शून्य पॉइंट देऊन बॉल तुमच्याकडे.

बाकीचे कोच नाइलाज झाला की फाउल करायचे. व्हॅल्व्हानोंनी त्यालाच आपली चाल बनवलं. पेपरडाइनचे नेहमी न चुकणारे हातसुद्धा त्या दिवशी रेषेवर चुकले, एनसी स्टेटनं बरोबरी साधली आणि दुसऱ्या ओव्हरटाइममध्ये 69-67 नं सुटले.

पुढची मॅच नेवाडा-लास वेगासशी. सेकंड हाफमध्ये बारा पॉइंट्सनी मागे, तिथून परत, शेवटी थर्ल बेलीनं चुकलेल्या शॉटचा रिबाउंड आत टाकला, 71-70. मग ऑग्डेनला युटावर 75-56, त्या अख्ख्या प्रवासातली ही एकच आरामाची मॅच. आणि मग पुन्हा व्हर्जिनिया. राल्फ सॅम्पसन, सात फूट चार इंच, तीनदा देशातला सर्वोत्तम कॉलेज खेळाडू ठरलेला, त्याचं हे शेवटचं वर्ष. एक पॉइंट मागे असताना फ्री थ्रोच्या रेषेवर कोण, तर लोरेन्झो चार्ल्स, ब्रुकलिनचा दणकट, अबोल, सेकंड इयरचा पोरगा. दोन्ही आत. 63-62. सॅम्पसनचं कॉलेज करिअर तिथेच संपलं, नॅशनल टायटल न मिळताच. या नऊ मॅचेसमधला सगळ्यात मोठा क्षण मला विचाराल तर मी हा सांगेन, डंक नाही. इतक्या प्रेशरमध्ये, एकट्यानं, दोनदा.

आल्बुकर्कीत सेमीफायनलला जॉर्जियाला 67-60 हरवलं. पण त्या दिवशी तिकडे लक्ष होतंच कुणाचं? सगळे बोलत होते दुसऱ्या सेमीफायनलबद्दल, ह्यूस्टन 94, लुइव्हिल 81, डंकवर डंक, खरी फायनल हीच होती असं लोकांनी ठरवूनच टाकलं. ह्यूस्टनच्या पोरांना टोपणनावच पडलं होतं 'फाय स्लामा जामा'. क्लाइड ड्रेक्सलर, मायकल यंग, बेनी अँडर्स, आणि मध्ये नायजेरियातल्या लागोसहून आलेला, शाळेत फुटबॉल आणि हँडबॉल खेळलेला, बास्केटबॉल हातात घेऊन थोडीच वर्षं झालेला सात फुटी अकीम ओलाजुवान. कोच गाय लुइस, हातात कायम लाल-पांढरा ठिपक्यांचा टॉवेल.

व्हॅल्व्हानोंनी पत्रकारांना सांगून ठेवलं होतं की आम्ही बॉल धरून बसू, मंगळवार उजाडेपर्यंत शॉटच घेणार नाही. मॅच सुरू झाली आणि एनसी स्टेट सुसाट. बेली सुटलेला, फर्स्ट हाफमध्ये त्याचे एकट्याचे 15 पॉइंट्स. ड्रेक्सलर फाउलमध्ये अडकला, हाफटाइमच्या आतच चार, पाचवा झाला की बाहेर. हाफटाइमला स्टेट 33, ह्यूस्टन 25.

सेकंड हाफ म्हणजे ह्यूस्टन जागं झालं. 17 पॉइंट्स त्यांचे, त्याच वेळात स्टेटचे फक्त 2. 42-35. ओलाजुवानच्या पुढे कुणाचं काही चालेना. पण आता ती उंची. पाच हजार फुटांवरची विरळ हवा, आणि ह्यूस्टनचा खेळ सगळा पळापळीचा, ओलाजुवान दमून गेला, धाप लागायला लागली. आणि लुइस यांनी स्पीड कमी केला, पुढे आहोत तर बॉल सांभाळून खेळू म्हणाले. यावरून त्यांना आयुष्यभर बोल लावले गेले. मला वाटतं तो निर्णय समजण्यासारखा होता, ओलाजुवान दमलाय, ड्रेक्सलरवर चार फाउल, कुणीही कोच हेच करेल. पण समोर व्हॅल्व्हानो होते, आणि हळू खेळणं म्हणजे हातात बॉल घेऊन उभं राहणं, आणि उभ्या माणसाला फाउल करणं सगळ्यात सोपं.

ह्यूस्टनची टीम फ्री थ्रोमध्ये कच्ची, हे सगळ्यांना ठाऊक होतं. डंकची कोण प्रॅक्टिस करत नाही? फ्री थ्रोची प्रॅक्टिस कंटाळवाणी असते. त्या रात्री 19 पैकी 10 आत गेले.

लोव आणि व्हिटनबर्ग लांबून मारत राहिले आणि स्कोअर 52-52. घड्याळात साधारण एक मिनिट पाच सेकंद. बॉल ह्यूस्टनकडे. आता नीट बघा. बरोबरी आहे, मागे नाही आहोत, तरीही व्हॅल्व्हानोंनी फाउल करायला सांगितलं. फर्स्ट इयरचा गार्ड अल्विन फ्रँकलिन, त्याला. वरवर बघितलं तर वेडेपणा, समोरच्याला आपणहून पुढे जायची संधी. पण फाउल केला नसता तर ह्यूस्टननं मिनिटभर बॉल फिरवून शेवटचा शॉट घेतला असता. व्हॅल्व्हानोंना तो शेवटचा शॉट आपल्याकडे हवा होता, त्याची किंमत दोन पॉइंट्स असली तरी चालेल. फ्रँकलिन रेषेवर आला, वय लहान, अख्खा देश बघतोय. पहिला थ्रो, चुकला. रिबाउंड कोझेल मॅक्वीनच्या हातात.

टाइमआउट. प्लॅन साधा, वेळ खायचा आणि दहा सेकंद उरले की व्हिटनबर्गला शॉट. पण ह्यूस्टननं डिफेन्स बदलून ट्रॅप लावला, म्हणजे बॉल ज्याच्याकडे त्याला दोघांनी घेरायचं, आणि प्लॅन कोलमडला. बॉल कोपऱ्यात बेलीकडे, तो घाबरून बाहेर पास देतो, मध्ये बेनी अँडर्सचा हात, बोटं लागली, बॉल उसळला, हातात आला असता तर समोर रिकामं कोर्ट आणि ह्यूस्टन चॅम्पियन. व्हिटनबर्गनं कसाबसा पकडला, तीस फुटांवरून वळला आणि भिरकावला. शॉर्ट पडला, रिंगलासुद्धा लागणार नव्हता. ओलाजुवान त्याखालीच होता पण रिंगकडे खाली येणाऱ्या शॉटला हात लावला तर गोलटेंडिंग, म्हणजे नियमभंग आणि पॉइंट्स समोरच्यांना, म्हणून थांबला. चार्ल्स थांबला नाही. मॅचभरात त्याचे दोनच पॉइंट्स होते. बॉल पकडला, आत कोंबला. 54-52.

ओलाजुवानचे 20 पॉइंट्स, 18 रिबाउंड्स, हरलेल्या टीमचा असूनही टूर्नामेंटचा सर्वोत्तम खेळाडू तोच ठरला. व्हॅल्व्हानो पळत सुटले, मिठी मारायला माणूस शोधत.

दहा वर्षांनी, 28 एप्रिल 1993 ला, कॅन्सरनं ते गेले. त्याच्या आधी दोनच महिने स्टेजवर उभं राहून त्यांनी कॅन्सर रिसर्चसाठी व्ही फाउंडेशन सुरू करत असल्याचं जाहीर केलं होतं, आणि ते काम आजही चालू आहे. चार्ल्स पुढे बस चालवायचा, 2011 मध्ये अपघातात गेला.

खेळाचे नियम बदलले. 1985-86 च्या सीझनपासून कॉलेजमध्ये शॉट क्लॉक आलं, आणि 1990-91 पासून एका हाफमधल्या दहाव्या फाउलपासून दोन थ्रो नक्की. व्हॅल्व्हानोंसारखं फाउल करत बसणं त्यानंतर खूप महाग पडायला लागलं.

आणि ह्यूस्टनचे ते दोघं, ओलाजुवान आणि ड्रेक्सलर? 1995 मध्ये ते पुन्हा एका टीममध्ये आले, ह्यूस्टन रॉकेट्स, त्यांच्याच शहरात. त्यांनी एनबीए, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगचं टायटल जिंकलं. वेस्टमधून त्या वर्षी रॉकेट्सचं मानांकन होतं सहावं.