एकोणीस भागांतला आवाज

मंडळी, जॅकी लेन हे नाव इथे फार जणांनी ऐकलेलं नसेल. जन्म 1941 चा, मँचेस्टरचा. टीव्हीवर आधी छोटी-मोठी कामं केली आणि मग बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ मालिकेत, म्हणजे काळात प्रवास करणाऱ्या ‘डॉक्टर’ नावाच्या नायकाच्या मालिकेत, डोडो नावाच्या मुलीची भूमिका मिळाली. पहिला भाग 26 फेब्रुवारी 1966 चा, शेवटचा 2 जुलैचा. एकोणीस भाग, चार महिने, संपलं.

डोडो येते ती धावतच. अपघात झालाय, पोलिसांना फोन करायचा म्हणून ती लंडनच्या विम्बल्डन कॉमनवर निळ्या फोनपेटीत शिरते, आणि ती पेटी निघते डॉक्टरांचं कालयान! पुढच्याच कथेत ती लाखो वर्षांनंतरच्या माणसांत पोचते. तिला साधी सर्दी झालेली असते. त्या माणसांच्या शरीराला सर्दीची ओळखच उरलेली नाही, म्हणून साथ पसरते आणि माणसं मरू लागतात. एका शिंकेवर उभी केलेली ही कथा मला आजही फार आवडते.

पण मला बोलायचंय ते तिच्या बोलण्याबद्दल. सुरुवातीला डोडो साध्या घरातल्या मुलीच्या हेलात बोलते. ते वरच्यांना रुचलं नाही. बीबीसीवरच्या नायिकेनं प्रमाण इंग्रजीच बोललं पाहिजे, असा निरोप आला आणि हेल पुसला गेला. ‘असं नको, शुद्ध बोल’ हे ज्यानं शाळेत ऐकलंय, त्याला यातलं दुखणं समजावून सांगायला नको. हेल काढला की त्या माणसाचं घर, गल्ली, आईचं बोलणं, सगळंच त्याच्यापासून काढून घेतलं जातं. पुढे डोडो फिकी वाटते अशी टीका झाली. मला ती अन्यायाची वाटते. रंग आधी कुणी काढला होता?

मधेच निर्माता बदलला. नव्या निर्मात्याला, इनेस लॉइडना, त्या काळच्या लंडनचे ताजे चेहरे हवे होते. नव्याकोऱ्या पोस्ट ऑफिस टॉवरमधल्या संगणकाच्या कथेत डोडोवर संमोहन होतं, दुसऱ्या भागात तिला विश्रांतीसाठी खेड्यात धाडतात, आणि ती परत येतच नाही. ‘मी लंडनलाच राहते’ हा तिचा निरोपसुद्धा शेवटी त्याच कथेतली पॉली नावाची मुलगी सांगते. निरोपाचं एक वाक्य तरी तिच्या तोंडी द्यायला हवं होतं, असं मला फार वाटतं.

पुढे जॅकीनं अभिनय सोडला आणि व्हॉइस-ओव्हर कलाकारांची एजंट म्हणून काम केलं. याच मालिकेत नंतर डॉक्टरांची भूमिका करणारे टॉम बेकर यांचं कामही ती पाहत असे. 2021 मध्ये, 79 व्या वर्षी ती गेली.

त्या काळी बीबीसी जुने भाग पुसून टाकत असे. चित्रफिती महाग, आणि कार्यक्रम पुन्हा दाखवण्याचे हक्क मर्यादित. हे भाग पुढे कधी कुणाला हवे असतील, हा विचारच तेव्हा नव्हता. अनेक भागांची चित्रं अशीच गेली. पण काही प्रेक्षक घरी टीव्हीसमोर टेपरेकॉर्डर लावून बसत. त्यांच्या त्या टेपांमुळे चित्र हरवलेल्या भागांचाही आवाज शिल्लक आहे. आणि सर्दीची ती कथा तर चित्रासकट पूर्ण आहे. तिच्यात डोडो अजून तिच्या हेलात बोलताना ऐकू येते.