ग्लिसरीनमधला थेंब

(दृश्य: कुपवाड एमआयडीसी. लेथ चालू. अॅक्रिलिकची पांढरी साल गुंडाळत बाहेर येते आहे.)

एरवी या लेथवर बुश आणि शाफ्ट होतात. आज चकमध्ये अॅक्रिलिकची नळी धरली आहे, आणि या कामाचं बिल कोणत्या नावानं करायचं हे लेथवाल्या काकांना अजून सुचलेलं नाही.

शेजारी चष्मा कपाळावर चढवून उभे आहेत ते विश्रामबागेतले सर. सारी नोकरी फिजिक्स शिकवण्यात गेली, आता निवृत्त आहेत. त्यांना एकात एक बसणाऱ्या दोन नळ्या हव्या आहेत. मध्ये साधारण एक सेंटिमीटरची फट, आतली नळी हँडलनं फिरली पाहिजे.

काका विचारतात, "किती फास्ट फिरवायची वो सर?"

"फास्ट नाही. एका मिनिटात दोन-तीन फेरे."

"मग मोटर कशाला? हातानंच फिरवा की."

मोटर तिथेच रद्द झाली. पुढं दोन आठवडे नळी सेंटरला धावेना. काकांच्या भाषेत, "आउट मारत होती." तळाशी नायलॉनचा बुश बसवला, वरच्या झाकणात छोटं बेअरिंग घातलं, नळीचं तोंड पुन्हा लेथवर धरून फेस मारलं. हे सगळं आम्ही चित्रित केलं आहे आणि यातलं काही कापायचं आमच्या जिवावर आलं. कारण लंडनच्या बर्कबेक कॉलेजात बसून जगाची रचना कशी असेल याचा विचार करणाऱ्या माणसाचं म्हणणं इथं, सांगलीत, दोन सूत जाडीच्या अॅक्रिलिकमध्ये उभं राहत होतं.

(दृश्य: टेबलावर एकच कृष्णधवल फोटो.)

तो माणूस डेव्हिड बोम. जन्म १९१७, अमेरिकेतलं पेनसिल्वेनिया. वडिलांचं फर्निचरचं दुकान होतं. आपल्याकडे तत्त्वचिंतक जे. कृष्णमूर्तींच्या वाचकांना बोम ठाऊक असतात ते त्यांच्याशी संवाद करणारे शास्त्रज्ञ म्हणून. कृष्णमूर्तींच्या समोरच्या खुर्चीवर बसलेले गृहस्थ! त्या खुर्चीवर येण्याआधी त्यांनी फिजिक्समध्ये काय केलं होतं, हे विचारलं की गप्पा थांबतात. सरांचा राग त्यावरच आहे, आणि खरं सांगायचं तर आमचाही.

बर्कले विद्यापीठात भौतिकशास्त्रज्ञ ओपनहायमर यांच्या हाताखाली बोम यांनी अणुकेंद्रातल्या कणांच्या टकरींची गणितं केली. ती अणुबाँबच्या प्रकल्पाला उपयोगी पडणारी निघाली, म्हणून गुप्त ठरली. बोम यांना त्या गुप्त कामाची परवानगी नव्हती. म्हणजे स्वतःच केलेलं गणित स्वतःच लिहायची बंदी. काम पुरेसं आहे असं शेवटी ओपनहायमर यांनी सांगितलं आणि १९४३मध्ये त्यांना डॉक्टरेट मिळाली.

हा फोटो मे १९४९चा. अमेरिकी संसदेच्या समितीनं कम्युनिस्ट असण्याबद्दल विचारलं, बोम यांनी उत्तर द्यायला नकार दिला. पुढच्या वर्षाअखेर अटक, मे १९५१मध्ये निर्दोष सुटका. पण प्रिन्स्टन विद्यापीठानं नेमणूक पुढं चालू ठेवली नाही. ब्राझीलला साओ पावलोत नोकरी धरली, तिथं अमेरिकी वकिलातीनं पासपोर्ट काढून घेतला. मग हैफा, ब्रिस्टल, आणि १९६१पासून लंडन.

(दृश्य: आयर्विन पूल, सकाळ. ड्रोन पाण्यालगत.)

कृष्णेवरचा आयर्विन पूल. पावसाळ्यात अख्खी सांगली याच पुलापाशी पाणी किती फूट चढलं ते विचारत असते. आज नदी शांत आहे. पुलाच्या वरच्या अंगाला होडीतून सर एकेक झेंडूचं फूल सोडताहेत.

फूल एकाच गाळ्यातून जाईल. पाणी मात्र सगळ्या गाळ्यांतून जातं, पलीकडे एकमेकांत मिसळतं, आणि फुलानं कुठं वळायचं ते हे मिसळलेलं पाणी ठरवतं.

क्वांटम सिद्धांतातला, म्हणजे अणू-इलेक्ट्रॉनसारख्या सूक्ष्म गोष्टींच्या फिजिक्समधला, सगळ्यात प्रसिद्ध प्रयोग असाच आहे. पडद्यात दोन फटी. एकेक इलेक्ट्रॉन सोडायचा. प्रत्येकाचा पलीकडे एकच ठिपका उमटतो. पण हजारो ठिपके साचले की त्यांचे पट्टे दिसतात, लाटा एकमेकींत मिसळल्यावर पडावेत तसे. मग एकटा इलेक्ट्रॉन गेला कुठून? पाठ्यपुस्तकाचं उत्तर साधारण असं, की हा प्रश्न विचारू नये. ठिपका कुठं पडण्याची शक्यता किती ते गणितानं काढता येतं, तेवढं काढावं.

गंमत अशी, की असं पाठ्यपुस्तक बोम यांनी स्वतःच लिहिलं. १९५१चं, उत्तम समजलं जाणारं. लिहून झाल्यावर त्यांचंच समाधान होईना. प्रिन्स्टनमध्ये आइन्स्टाइन यांच्याशी बोलणं झालं आणि जानेवारी १९५२मध्ये 'फिजिकल रिव्ह्यू' या नियतकालिकात त्यांचे दोन निबंध आले. म्हणणं असं: इलेक्ट्रॉन हा कण आहे. कायम कुठं ना कुठं असतो. त्याच्यासोबत एक तरंग असतो, तो दोन्ही फटींतून जातो आणि कणाला वाट दाखवतो. फ्रेंच शास्त्रज्ञ लुई द ब्रॉग्ली यांनी १९२७मध्ये अशी कल्पना मांडून सोडून दिली होती. बोम यांनी ती शेवटपर्यंत नेली. असं काही करताच येणार नाही, हे गणितज्ञ फॉन नॉयमन यांनी १९३२मध्ये सिद्ध केल्याचं मानलं जात होतं. तरी गणित जुळलं, आणि प्रयोगांची उत्तरं नेहमीच्या सिद्धांतासारखीच आली.

"तीच उत्तरं येतात, तर हवाय कशाला?" हा आक्षेप तेव्हाही होता. आज शंभर फुटी रोडवरच्या क्लासचे हे फलक बघताना तोच ऐकू येतो. म्हणजे नक्की काय घडतं, असं पोरानं विचारलं की उत्तर ठरलेलं: परीक्षेला नाही.

होडीतून सर एक दुरुस्ती सांगतात. नदीला पाणी जास्त तर फुलाला धक्काही जास्त. बोम यांचा तरंग तसा नाही. त्यात जोर किती याला महत्त्व नाही, आकार कसा आहे याला आहे. बोम यांनी रडारचं उदाहरण दिलं होतं: जहाज स्वतःच्या इंजिनवर चालतं, रडारच्या लहरी फक्त दिशा सांगतात.

(दृश्य: सरांची खोली. ग्लिसरीनचा कॅन. नरसाळं.)

आता यंत्र. दोन काचेच्या नळ्या, मध्ये ग्लिसरीन, आत शाईचा थेंब, असं काहीतरी बोम यांनी बीबीसीच्या एका कार्यक्रमात पाहिलं आणि ते त्यांच्या मनातून गेलं नाही. त्यांच्या वर्णनात बाहेरची नळी फिरते. आपल्याकडे आतली, कारण काकांना ते सोपं पडलं.

ग्लिसरीन हळू ओतायचं, नाहीतर बुडबुडे. पहिल्या दिवशी बुडबुडेच झाले. रात्रभर ठेवलं. दुसऱ्या दिवशी खाण्याचा लाल रंग त्याच ग्लिसरीनमध्ये कालवून सुईनं एक थेंब आत सोडला. नुसत्या पाण्यात कालवला असता तर वर तरंगला असता.

(निवेदन थांबतं. फक्त हँडलचा आवाज. एक फेरा. दोन. चार. सहा.)

थेंबाची रेघ झाली, रेघेचा धागा, धाग्याची नुसती झाक. आता काहीच नाही. चहात साखर विरघळावी तसं वाटतं, पण विरघळलेलं नाही. ग्लिसरीन इतकं चिकट, की हळू फिरवलं तर त्यात भोवरे होत नाहीत, थरावर थर सरकतात. तेच थर उलटे सरकवता येतात.

(सर हँडल उलटं फिरवतात. निवेदन नाही. थेंब पुन्हा उमटतो.)

बोम यांना इथं दिसलं ते असं: जे नाहीसं झालं ते नव्हतंच असं नाही, ते दुमडून सगळीकडे पसरलं होतं. आपल्याला दिसतं ते उलगडलेलं, आणि त्याच्या मागं दुमडलेलं. १९८०च्या पुस्तकात त्यांनी हा विचार विस्तारानं मांडला. हे रूपक आहे, पुरावा नव्हे. पुरावा आहे असं कुणी सांगितलं तर सर त्याला खोलीबाहेर काढतील.

१९५९मध्ये ब्रिस्टलला याकीर अहारोनोव या विद्यार्थ्यासोबत दाखवलेला परिणाम मात्र रूपक नाही. चुंबकीय क्षेत्र जिथं शून्य आहे तिथून जाणाऱ्या इलेक्ट्रॉनलाही दुसरीकडच्या क्षेत्राची खूण लागते. जपानमध्ये तोनोमुरा यांनी १९८६मध्ये ते निर्विवाद मोजलं. आणि १९५२चे निबंध वाचूनच भौतिकशास्त्रज्ञ जॉन बेल यांना १९६४च्या प्रमेयाची, म्हणजे लांबच्या दोन कणांतलं नातं प्रयोगानं तपासायच्या कसोटीची, वाट सापडली, ज्यावरच्या प्रयोगांना २०२२चं नोबेल मिळालं. बोम तोवर नव्हते. २७ ऑक्टोबर १९९२ला लंडनमध्ये, टॅक्सीत, हृदयविकारानं गेले.

(दृश्य: शनिवार, संध्याकाळ. सात-आठ मुलं. काकाही आलेत, दाराशी उभे.)

आज तीन थेंब आहेत. एक सोडायचा, सहा फेरे. शेजारी दुसरा, सहा फेरे. मग तिसरा, पुन्हा सहा. मग उलटं. आधी तिसरा उमटतो आणि विरतो, मग दुसरा, मग पहिला. भराभर पाहिलं तर एकच थेंब सरकत गेल्यासारखं दिसतं. बोम म्हणत, कणाचं हलणं असंच असू शकेल.

सर फिरवताहेत. मुलं मोठ्यानं मोजताहेत. तिसरा आला. दुसरा आला. पहिला येतो तो जरा लांबट, एका बाजूला ओढलेला.

"बिघडला काय, सर?"

काका दारातूनच सांगतात, "अर्धा फेरा राहिलाय बघा."