तेवढं वाचून दाखव की

(दृश्य : वडगावातल्या एका घराचा माळा. खालून यंत्रमागांची खडखड.)

बेळगावचं वडगाव. खाली माग चालू, त्यामुळे वर बोलायचं तर आवाज चढवूनच. सात-आठ जण फळ्यासमोर बसलेत. सीमाभागातल्या मराठी माणसांसाठी यांनी एक ॲप चालवायला घेतलंय. त्यात नवं काय घालायचं, यावर आज डोकं लढवायचंय.

दहा मिनिटांत फळा भरला. बिल्ले, रोजची कोडी, थेट प्रक्षेपण. खरं सांगायचं तर यातलं बरंचसं दुसऱ्यांच्या ॲपवरून उचललेलं.

मग खानापूरकडच्या काकांनी खिशातून चार घड्यांचा कागद काढला. शेताचा उतारा. कर्नाटकात हे उतारे ‘भूमी’ या सरकारी यंत्रणेतून निघतात, कन्नडमध्ये. काका मराठी शाळेत शिकलेले. बाजारात घासाघीस करण्याइतकं कन्नड फर्डं बोलतात; वाचता येत नाही.

“बिल्ला घेऊन काय करू? यात नाव कुणाचं लागलंय, तेवढं वाचून दाखव की.”

इथून बैठकीत जीव आला.

(दृश्य : फळ्यावर आकडे लिहिणारा हात.)

संगणकात प्रत्येक अक्षराला एक क्रमांक असतो. युनिकोडमध्ये देवनागरी ‘क’ 2325, कन्नड ‘क’ 3221. आपला ‘ळ’ 2355, त्यांचा 3251. दोन्हीकडे फरक 896! दोन्ही लिप्यांची मांडणी एकाच साच्यातली, त्यामुळे कन्नड अक्षरं देवनागरीत आणणं म्हणजे बहुतेक नुसती वजाबाकी. बहुतेक म्हणायचं, कारण कन्नडमधला ऱ्हस्व ‘ए’ मराठी लिहिण्यात नाहीच. शिवाय कागदाचा फोटो काढला, तर त्यातली अक्षरं ॲपला आधी ओळखायला हवीत, आणि काकांच्या कागदावर नेमका नावावरच शिक्का उमटलाय.

“आणि अक्षरं लागली, तरी अर्थाचं काय?” म्हणजे कन्नड जाणणाऱ्या कुणीतरी आवाजात समजावून सांगण्याची सोय हवी. लगेच एका ताईंनी अडवलं. सर्व्हे नंबर अख्ख्या गावाला दिसला, तर भाऊबंदकीत नवं भांडण. मग नावं झाकू या? पण काकांना हवंय ते नावच! शेवटी ठरलं, कागद एकाच माणसाला दिसेल, आणि तो माणूस कोण ते काका निवडतील.

शोधायच्या सोयीवर मात्र वाद झाला नाही. 2014 साली सरकारदरबारी ‘बेळगावी’ झालं, तोंडात ‘बेळगाव’ राहिलं, जुन्या कागदांवर ‘बेलगाम’ सापडतं. तिन्ही एकच धरायची. कणकुंबीच्या पावसात रेंज जाते, तेव्हा निरोप फोनवर साठून राहावा, हेही सगळ्यांना पटलं.

(दृश्य : उताऱ्यावर सरकणारं बोट.)

ॲप तयार होईल तेव्हा होईल. कन्नड येणारी एक पोरगी कागद उजेडात धरते.

“काका, नाव अजून तुमच्या वडिलांचंच आहे. वारसा लावायचा राहिलाय.”

काका क्षणभर गप्प. मग फळ्याकडे हात करून म्हणाले, “मग तो कसा लावायचा, ते पण घाल की त्यात.”