राजवाड्यातली शाळा

(दृश्य : साताऱ्यातला राजवाडा परिसर, संध्याकाळची गर्दी)

राजवाडा म्हटलं की सातारकराला आधी गांधी मैदानावरची चौपाटी आठवते. भेळ, पाणीपुरी, पोराटोरांचा गलका. या गर्दीला लागूनच जुना राजवाडा उभा आहे आणि त्यातल्या शाळेची ही गोष्ट आहे.

वाडा 1824 सालचा. छत्रपती प्रतापसिंह महाराजांनी तो बांधवून घेतला. 1818 मध्ये पेशवाई बुडाली, इंग्रजांनी साताऱ्याची गादी पुन्हा मांडली आणि महाराज गादीवर आले. राज्य लहान आणि डोक्यावर इंग्रज रेसिडेंट, म्हणजे दरबारावर नजर ठेवणारा कंपनीचा अधिकारी. तरीही या राजानं शहरात रस्ते केले, पाणी आणलं, शिक्षणात मन घातलं. राजघराण्यातल्या मुलींच्या लिहिण्या-वाचण्याची सोय याच वाड्यात होती, असं सातारकर सांगतात. पुण्यातल्या भिडे वाड्यात मुलींची शाळा निघायला तेव्हा 24 वर्षं अवकाश होता.

1839 मध्ये इंग्रजांनी महाराजांना गादीवरून काढून काशीला धाडलं. त्यांची बाजू मांडायला त्यांचे वकील रंगो बापूजी थेट लंडनला गेले, वर्षानुवर्षं तिथं राहिले, पण न्याय मिळाला नाही. 1847 मध्ये महाराज काशीलाच वारले. पुढच्याच वर्षी राज्य खालसा झालं.

साताऱ्यात 1851 साली सुरू झालेली सरकारी शाळा पुढे या वाड्यात भरू लागली. आजचं छत्रपती प्रतापसिंह हायस्कूल ते हेच.

(दृश्य : शाळेचं जनरल रजिस्टर, अगदी जवळून)

हे पान नीट बघा. तारीख 7 नोव्हेंबर 1900. इयत्ता इंग्रजी पहिली. क्रमांक 1914. नाव भिवा, आणि समोर त्याची स्वतःची सही. वय वर्षं नऊ. वडील रामजी सुभेदार, लष्करातून निवृत्त झालेले. हाच मुलगा पुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकर झाला. वाड्यातल्या साऱ्या लाकूडकामापेक्षा आम्हाला या एका पानाचं मोल जास्त वाटतं.

बाबासाहेब राजवाड्यात शिकले, एवढं सांगून आपण थांबतो. ते अर्धंच आहे. ते कसे शिकले, हे त्यांनीच आपल्या आठवणींत लिहून ठेवलंय. वर्गात एकट्यानं कोपऱ्यात बसायचं. बसायला गोणपाट घरून आणायचं आणि शाळा सुटली की परत न्यायचं, कारण वर्ग झाडणारा गडी त्याला हात लावत नसे. तहान लागली तर मास्तरांची परवानगी घ्यायची, मग शिपायानं नळ सोडायचा. शिपाई जागेवर नसेल, तर तसंच तहानलेलं राहायचं. साताऱ्यात न्हावी पुष्कळ होते, पण या भावंडांचे केस घरी बहीणच कापायची.

1904 पर्यंत ते इथं शिकले आणि मग कुटुंब मुंबईला गेलं.

2017 पासून राज्यात 7 नोव्हेंबर हा विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. त्या दिवशी इथं हार येतात, भाषणं होतात. ती व्हायलाच हवीत. पण वाड्याची डागडुजी करताना इथले वर्ग मात्र कुणी बंद करू नयेत. रजिस्टर काचेच्या पेटीत ठेवा, पण त्याच्या पुढच्या रजिस्टरात दर जूनला नवी नावं चढली पाहिजेत. त्यातलं एखादं नाव आपल्याही घरातलं असू द्या.